बँक गॅरंटीवर पैसे मागायची मुदत : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बँकेच्या गॅरंटी डेस्कवर मी बरीच वर्षं काढली. निवृत्तीनंतरही कंत्राटदार, नगरपरिषदांचे लेखापाल, गृहनिर्माण संस्थांचे सचिव बीजीची, म्हणजे बँक गॅरंटीची, झेरॉक्स घेऊन घरी येतात. कंत्राटदाराने काम नीट केलं नाही तर ठरलेली रक्कम आपण देऊ, असं बँकेने काम देणाऱ्याला (लाभार्थ्याला) लिहून दिलेलं वचन म्हणजे बीजी. प्रश्न बहुतेक मुदतीचा असतो, आणि अनेकदा तो मुदत टळून गेल्यावर विचारला जातो. तेव्हा सांगण्यासारखं फारसं उरलेलं नसतं, म्हणून ते आधीच लिहून ठेवतो आहे. इथलं सगळं भारतीय कायद्यापुरतं आहे. रक्कम मोठी असेल तर आपला कागद वकिलाला दाखवा, कारण गॅरंटीत शेवटी कागदावरचा शब्दच चालतो.

गॅरंटीची वैधता आणि क्लेम पिरियड एकच ना?

नाही. एका बीजीत तीन मुदती असू शकतात, आणि सगळा घोळ त्या एकमेकींत मिसळल्यामुळे होतो.

पहिली मुदत वैधतेची. कंत्राटदाराची चूक कोणत्या तारखेपर्यंत घडली तर बँक जबाबदार, हे ती सांगते. दुसरी क्लेमची. त्या चुकीबद्दल बँकेकडे लेखी मागणी कधीपर्यंत पोचली पाहिजे, हे ती सांगते. ही कधी वैधतेच्या तारखेलाच संपते, कधी पुढे तीन महिने, सहा महिने किंवा वर्षभर चालते. तिसरी मुदत कोर्टाची. मागणी वेळेत केली आणि बँकेने पैसे नाकारले, तर दावा कधीपर्यंत लावता येतो, हा तिसऱ्या मुदतीचा प्रश्न.

समजा, वैधता ३१ मार्चपर्यंत आणि क्लेम ३० जूनपर्यंत आहे. काम फेब्रुवारीत बंद पडलं आणि मागणीपत्र १५ जूनला बँकेत पोचलं, तर ते वेळेत आहे. चूकच मेमध्ये झाली असेल तर क्लेम पिरियड चालू असूनही उपयोग नाही, कारण ती चूक वैधतेच्या बाहेरची आहे. क्लेम पिरियड म्हणजे वाढवलेली वैधता नव्हे, हे कंत्राटदारही विसरतात आणि सरकारी खातीही.

या तारखा कागदावर कुठे सापडतात?

शेवटच्या पानावर, सह्यांच्या अगदी वर. पहिली दोन-तीन पानं भारदस्त मजकुराची असतात : मागताक्षणी, कोणतीही हरकत न घेता, कंत्राटदाराला न विचारता पैसे देऊ वगैरे. ते वाचून लाभार्थी निश्चिंत होतो आणि कागद फाइलला लावतो. त्याखाली बँक आपला एक ठरलेला परिच्छेद घालते, ज्याची सुरुवात ‘वर काहीही म्हटलेलं असलं तरी’ अशा अर्थाच्या शब्दांनी होते. त्यात तीन ओळी असतात : आमची जबाबदारी अमुक रकमेपेक्षा जास्त नाही, ही गॅरंटी अमुक तारखेपर्यंत वैध आहे, आणि अमुक तारखेला किंवा त्याआधी लेखी मागणी आमच्याकडे आली तरच आम्ही पैसे देणं लागतो.

वरची सगळी पानं या तीन ओळींपुढे मागे पडतात. नवीन बीजी हातात आली की आधी शेवटचं पान उघडा. तिथली क्लेमची तारीख पेन्सिलीने फाइलच्या मुखपृष्ठावर लिहा आणि तिच्या तीस दिवस आधीची तारीख रजिस्टरमध्ये नोंदवा.

क्लेमची तारीख टळली. पण कायदा तीन वर्षं देतो ना?

हा प्रश्न मला सर्वांत जास्त वेळा विचारला गेला आहे आणि दर वेळी उत्तर देताना जड जातं. ती तीन वर्षं तिसऱ्या मुदतीची आहेत, दुसरीची नव्हेत.

एका गावात नगरपरिषदेने पाण्याची टाकी बांधून घेतली होती. दोषदायित्व कालावधी (काम संपल्यावर निघालेले दोष कंत्राटदाराने दुरुस्त करून द्यायचा काळ) संपायच्या आत टाकी गळू लागली. कंत्राटदार फोन उचलेना. बीजी साडेअकरा लाखांची, क्लेमची शेवटची तारीख शुक्रवार. पत्राचा मसुदा बुधवारी तयार झाला, सहीला दोन दिवस गेले आणि शिपाई ते घेऊन आमच्या काउंटरवर आला सोमवारी सकाळी साडेदहाला. आवक शिक्का मीच मारला. शिक्क्यावरची तारीख आणि बीजीवरची तारीख शेजारी शेजारी ठेवून पाहिली. मला काहीही करता येण्यासारखं नव्हतं. लेखापाल म्हणाले, “साहेब, दावा करायला तीन वर्षं असतात असं आमचे वकील म्हणाले होते.” वकील चुकीचं बोलले नव्हते, फक्त ते तिसऱ्या मुदतीबद्दल बोलत होते. मागणीच वेळेत झाली नाही, तर दावा कशाच्या जोरावर लावणार?

कायद्याची बाजू सांगायची तर, वेळेत मागणी होणं ही बँकेची जबाबदारी उभी राहण्याची अटच आहे. अट पुरी झाली नाही तर बँकेवर देणं येतच नाही, मग मुदत अधिनियमातली (लिमिटेशन ॲक्टमधली) वर्षं मोजायची वेळही येत नाही.

कलम २८ चं नाव नेहमी निघतं. ते आहे काय?

भारतीय करार अधिनियम, १८७२ चं हे कलम. तुमचा हक्क कोर्टात बजावण्याचा मार्ग कराराने बंद करता येत नाही, आणि कायद्याने दिलेली दाव्याची मुदत कराराने आखूड करता येत नाही, असा त्याचा मूळ गाभा. ‘वाद झाला तर सहा महिन्यांतच कोर्टात जायचं’ असं लिहिलं तर तेवढा भाग रद्दबातल.

पण जुन्या कलमात एक फट होती. ‘सहा महिन्यांत दावा लावला नाही तर दावा लावता येणार नाही’ हे रद्द. पण ‘सहा महिन्यांत दावा लावला नाही तर हक्कच संपुष्टात येईल’ असं लिहिलं तर कोर्टं ते मान्य करत. मुदत आखूड करणं वेगळं आणि हक्क संपवणं वेगळं, असा तो युक्तिवाद. सामान्य माणसाला दोन्हींचा परिणाम एकच. विमा कंपन्या आणि बँका साहजिकच दुसऱ्या प्रकारचे शब्द वापरू लागल्या.

विधी आयोगाने १९८४ साली ९७व्या अहवालात ही फट दाखवली आणि ती बुजवायला सांगितलं. प्रत्यक्ष दुरुस्ती ८ जानेवारी १९९७ पासून लागू झाली. ठरावीक मुदतीनंतर हक्क संपवून टाकणारी आणि त्यामुळे तो बजावायला आडकाठी करणारी कलमंही तेव्हापासून रद्दबातल ठरली.

दुरुस्तीआधीच्या काळातला सर्वोच्च न्यायालयाचा १९९४ चा एक निकाल इथे उपयोगी आहे : भारतीय अन्न महामंडळ विरुद्ध न्यू इंडिया अश्युरन्स. हमीपत्रात म्हटलं होतं की करार संपल्यापासून सहा महिन्यांनंतर महामंडळाला काही हक्क राहणार नाही. न्यायालयाने त्याचा अर्थ असा लावला की सहा महिन्यांत मागणी करायला हवी. त्याच सहा महिन्यांत दावाही लावला पाहिजे असं नाही. दुसरी आणि तिसरी मुदत वेगळी कशी काढायची, याचं इतकं स्वच्छ उदाहरण मला दुसरं सापडलेलं नाही.

माझी बीजी जुनी आहे, १९९६ ची. तिला १९९७ ची दुरुस्ती लागू होते का?

नाही. भारत सरकार विरुद्ध इंडसइंड बँक या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली सांगितलं की ही दुरुस्ती मागल्या तारखेने लागू होत नाही. गॅरंटी दुरुस्तीआधीची असेल तर जुनं कलम लावायचं.

मग २०१३ मध्ये पुन्हा ‘अपवाद ३’ कशाला आणला?

बँकांची अडचण खरी होती. १९९७ नंतर बँकेला ‘या तारखेनंतर आमचा संबंध संपला’ असं खात्रीने म्हणता येईना. लाभार्थी सरकार असेल तर दाव्याची मुदत तीस वर्षं! म्हणजे पाच लाखांची बीजी, काम कधीच पुरं झालेलं, आणि बँकेच्या पुस्तकांत ती जबाबदारी लटकलेली. त्यापोटी भांडवल अडकायचं, आणि कंत्राटदाराच्या मार्जिनच्या (बीजीपोटी बँकेकडे तारण ठेवलेल्या) एफडीवरचा बोजाही उठायचा नाही. लहान कंत्राटदारांची खेळत्या भांडवलासाठीची तडफड मी काउंटरच्या आतून पाहिली आहे.

म्हणून बँकिंग कायदे (सुधारणा) अधिनियम, २०१२ ने कलम २८ ला तिसरा अपवाद जोडला. तो १८ जानेवारी २०१३ पासून लागू आहे. बँक किंवा वित्तीय संस्था गॅरंटीत लेखी अट घालू शकते, की ठरलेली घटना घडल्यापासून किंवा न घडल्यापासून अमुक काळाने तिची जबाबदारी संपेल. अट एकच : तो काळ एक वर्षापेक्षा कमी नसावा.

सहकारी बँका आणि प्रादेशिक ग्रामीण बँकाही या अपवादात येतात. कलमाच्या स्पष्टीकरणात तसं लिहिलेलं आहे, हे महाराष्ट्रातल्या वाचकांनी लक्षात ठेवावं. पण खासगी कंपनीने किंवा संचालकाने स्वतः दिलेल्या हमीला हा अपवाद मिळत नाही.

बँक म्हणते, कायद्यानुसार क्लेम पिरियड किमान एक वर्षाचाच हवा. खरं आहे का?

दिल्ली उच्च न्यायालयाने नाही म्हटलं आहे, आणि माझंही मत तेच.

झालं असं की अपवाद ३ आल्यावर इंडियन बँक्स असोसिएशनने बँकांना पत्रं लिहिली. त्यांवरून अनेक बँकांनी असा अर्थ घेतला की क्लेम पिरियड वर्षाहून कमी ठेवला तर अपवादाचं संरक्षण जाईल. म्हणून तीन महिन्यांच्या क्लेम पिरियडची बीजी मागायला गेलं की शाखेतून उत्तर येई : बारा महिनेच घ्या. कमिशनही तेवढ्या जास्त काळाचं. समजा, ५० लाखांच्या बीजीवर दोन टक्के कमिशन आहे. नऊ महिने जास्त म्हणजे पाऊण लाख रुपये, वर मार्जिनची एफडी तेवढा काळ अडकून. एका बीजीचं हे. मोठ्या कंत्राटदाराच्या अशा शेकडो असतात.

लार्सन अँड टुब्रो कंपनी यावरून पंजाब नॅशनल बँकेविरुद्ध कोर्टात गेली. जुलै २०२१ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने निकाल दिला की अपवाद ३ क्लेम पिरियडबद्दल बोलतच नाही. बँकेने पैसे नाकारल्यावर लाभार्थी कोर्टात किंवा न्यायाधिकरणात हक्क कधीपर्यंत बजावू शकतो, त्या काळाबद्दल तो बोलतो. क्लेम पिरियड किती ठेवायचा हे पक्षांनी आपसात ठरवावं; बारा महिन्यांहून कमी ठेवला म्हणून कायदा मोडत नाही.

दुसरी आणि तिसरी मुदत पुन्हा एकदा मिसळली गेली होती, या वेळी बँकांकडून. मी स्वतः काउंटरवरून लोकांना ‘बारा महिने सक्तीचे आहेत’ असं सांगितलं आहे, कारण वरून तशाच सूचना होत्या. आज सांगणार नाही. बँकेशी बोलताना या निकालाचा दाखला लेखी द्या. तो दिल्लीचा आहे, मुंबई उच्च न्यायालयावर बंधनकारक नाही. पण त्यातली कारणमीमांसा कुठल्याही न्यायालयापुढे मांडण्याजोगी आहे.

बँकेने पैसे नाकारले. कोर्टात कधीपर्यंत जायचं?

आधी बीजीत अपवाद ३ प्रमाणे वर्षभराचं (किंवा जास्तीचं) कलम आहे का ते बघा. असेल तर तीच मर्यादा धरून चाला.

नसेल, किंवा वर्षाहून कमी मुदतीत हक्क संपवणारं कलम असेल, तर ते कलम २८ पुढे टिकत नाही आणि मुदत अधिनियम, १९६३ लागू होतो. साधारणपणे करारभंगाला तीन वर्षं, अनुच्छेद ५५ प्रमाणे. मागताक्षणी देय असलेल्या गॅरंटीत, वेळेत मागणी होऊन बँकेने ती नाकारली, तिथून ही वर्षं मोजायची. बँक नुसती गप्प बसली तर? तर वाट पाहत बसू नका. मागणी केल्याच्या दिवसापासूनच मोजून चालणं सुरक्षित.

केंद्र आणि राज्य सरकारला अनुच्छेद ११२ प्रमाणे तीस वर्षं मिळतात. पण नगरपरिषद, महापालिका, जिल्हा परिषद, महामंडळ म्हणजे ‘राज्य सरकार’ नव्हे. शासनाचे निकष लागतात म्हणून तीस वर्षंही मिळतील असं समजणारे अधिकारी मला भेटले आहेत. गॅरंटीच्या दाव्याला त्यांनाही तीनच वर्षं.

आम्ही गोव्याचे. आमच्याकडे पोर्तुगीज कायद्याची लांब मुदत चालते असं ऐकलं होतं.

पूर्वी तसा वाद होता. पोर्तुगीज नागरी संहितेत तीस वर्षांपर्यंतची मुदत होती. पण सिंडिकेट बँक विरुद्ध प्रभा नाईक या २००१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की १९६३ चा मुदत अधिनियम आल्यावर त्या संहितेतली मुदतीची तरतूद गोव्यात उरली नाही. करार अधिनियमही तोच. पणजीच्या बीजीला आणि पुण्याच्या बीजीला वेगळी मोजपट्टी नाही.

क्लेमचा शेवटचा दिवस रविवारी आला तर सोमवारी पत्र दिलं तर चालतं ना?

हे गृहीत धरणं फार धोक्याचं. सुट्टीच्या दिवशी संपणारी मुदत पुढच्या दिवसावर जाते, हा नियम दाव्यांसाठी मुदत अधिनियमाच्या कलम ४ मध्ये आहे. सर्वसाधारण खंड अधिनियमाच्या (जनरल क्लॉजेस ॲक्टच्या) कलम १० मध्येही तसं आहे, पण ते कायद्याने ठरवलेल्या मुदतींना. बीजीवरची तारीख कायद्याने नव्हे, दोन पक्षांनी ठरवलेली आहे. बीजीतच ‘सुट्टी असल्यास पुढचा कामकाजाचा दिवस’ असं लिहिलेलं नसेल, तर आधीच्या कामकाजाच्या दिवशीच पत्र पोचवा.

आणि दुसरा व चौथा शनिवार विसरू नका. सप्टेंबर २०१५ पासून त्या दिवशी बँका बंद असतात. ३१ मार्चची संध्याकाळही टाळा. त्या दिवशी शाखेतली गर्दी ज्याने पाहिली आहे, त्याला कारण सांगावं लागणार नाही.

तारखेच्या आत स्पीड पोस्ट केलं, पोचलं नंतर. आता?

बीजीचा शब्द पाहा. ‘आमच्याकडे प्राप्त झाली तर’ असं असेल तर पोचण्याची तारीख धरली जाते, टाकण्याची नव्हे. बहुतेक बीजींत असंच असतं. कोणती शाखा, तेही पाहा. मुख्यालयाला पाठवलेलं पत्र गॅरंटी देणाऱ्या शाखेला पोचायला चार दिवस लागले, तर ते चार दिवस तुमचे गेले.

माणूस पाठवा. पत्राच्या दोन प्रती द्या. दुसऱ्या प्रतीवर पोचपावती घ्या, तिच्यावर गोल शिक्का, तारीख आणि जमलं तर वेळही असावी. सही करणाऱ्याचं नाव व हुद्दा वाचता येईल असा लिहून घ्या. शाखा बाहेरगावी असेल तर स्पीड पोस्ट, ईमेल आणि त्याच बँकेच्या जवळच्या शाखेमार्फत पत्र, तिन्ही करा. पण बीजीत जो मार्ग लिहिला आहे तो त्यात असलाच पाहिजे. आता नॅशनल ई-गव्हर्नन्स सर्व्हिसेसच्या मंचावरून इलेक्ट्रॉनिक बँक गॅरंटी निघतात. तिथे मागणीही मंचावरूनच करता येते आणि तिची वेळ आपोआप नोंदली जाते. ही सोय आमच्या काळी असती तर त्या टाकीचे पैसे कदाचित वाचले असते.

मागणीपत्रात काय लिहायचं? सही कोणाची?

बीजीत जे शब्द मागितले आहेत तेच, तसेच. ‘कंत्राटदाराने करारभंग केला आहे आणि अमुक रक्कम देय झाली आहे’ असं निवेदन मागितलं असेल तर ते वाक्य पत्रात हवं. बीजी क्रमांक, तारीख, रक्कम, कोणत्या खात्यात पैसे द्यायचे, तेही. कामाची कर्मकहाणी लिहू नका. ती बँकेला लागत नाही आणि तिच्यातला एखादा शब्द उगाच तुमच्यावर उलटतो.

सहीबाबत हिंदुस्थान कन्स्ट्रक्शन विरुद्ध बिहार राज्य हा सर्वोच्च न्यायालयाचा १९९९ चा निकाल प्रत्येक बांधकाम विभागाच्या टेबलावर असायला हवा. गॅरंटीत मुख्य अभियंत्याचं नाव होतं, मागणी केली कार्यकारी अभियंत्याने. न्यायालयाने मागणी गॅरंटीच्या शब्दांप्रमाणे नाही म्हणून अमान्य केली. मुदतीशी याचा संबंध असा, की चुकीच्या सहीचं पत्र शेवटच्या दिवशी दिलं तर दुरुस्त करून पुन्हा द्यायला दिवसच उरत नाही. म्हणून तर तीस दिवस आधीची नोंद सांगितली.

‘मुदत वाढवा, नाहीतर हेच पत्र क्लेम समजा’ असं लिहिलं तर पुरतं का?

सरकारी खात्यांचा हा आवडता मसुदा. पुष्कळ बँका तो क्लेम म्हणून नोंदवतात आणि कंत्राटदाराला मुदतवाढ द्यायला लावतात. पण पत्रात करारभंगाचं निवेदन नसेल, तर ‘ही मागणीच नव्हती, विनंती होती’ असा वाद उभा राहू शकतो. पैसे खरोखर हवे असतील तर स्वच्छ, बिनशर्त मागणी करा. मुदतवाढच हवी असेल तर महिनाभर आधी मागा, आणि वाढीचं पत्र क्लेमची तारीख टळण्याआधी हातात येईल असं पाहा. कंत्राटदाराने अर्ज केला आहे, बँकेत काम चालू आहे, या तोंडी आश्वासनावर तारीख जाऊ देऊ नका.

कंत्राटदाराने स्टे आणला. क्लेमची तारीख थांबते का?

आपोआप थांबत नाही. मागणी आधीच पोचली असेल तर तुमचा क्लेम वेळेत आहे. पैसे मिळायला उशीर होईल इतकंच. मागणी करायचीच मनाई असेल, तर त्याच सुनावणीत आपल्या वकिलामार्फत न्यायालयाकडे मागा, की निकाल लागेपर्यंत कंत्राटदाराने बीजी जिवंत ठेवावी. असे आदेश न्यायालयं देतात. पुढे प्रत्येक नूतनीकरणाची तारीखही सांभाळा.

मुळात असा स्टे सहजी मिळत नाही. ढळढळीत फसवणूक, किंवा नंतर भरून न निघणारा अन्याय, एवढीच कारणं सर्वोच्च न्यायालयाने मान्य केली आहेत.

कंत्राटदार कंपनी दिवाळखोरीत गेली. आता मागणी थांबवायची का?

थांबवू नका. दिवाळखोरी संहितेतली स्थगिती कंपनीच्या मालमत्तेला आहे, हमीदाराला नाही. कलम १४ मध्ये २०१८ च्या दुरुस्तीने तसं स्पष्ट लिहिलं आहे. बँकेची जबाबदारी चालू राहते आणि क्लेमची तारीखही. एनसीएलटीच्या (राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाच्या) आदेशाची प्रत वाचून घाबरलेल्या खात्याने फाइल बाजूला ठेवली आणि तारीख निघून गेली, असं घडताना मी पाहिलं आहे.

कोविडमध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुदती वाढवल्या होत्या. त्यात आमचा क्लेम पिरियड येतो का?

१५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ दावे-अपिलांच्या मुदतीतून वगळला गेला. तो तिसऱ्या मुदतीला मिळतो. बँकेला द्यायच्या मागणीची, कराराने ठरलेली तारीख त्या आदेशामुळे पुढे गेली असं धरू नका.

आमची बीजी परदेशी बँकेची आहे, तिच्यात ‘यूआरडीजी ७५८’ असं लिहिलंय.

ते आंतरराष्ट्रीय वाणिज्य मंडळाचे मागणी-हमीचे नियम, जुलै २०१० पासूनचे. बीजीत त्यांचा उल्लेख असेल तरच लागू. तिथे शेवटचा दिवस कामकाजाचा नसेल तर तो पुढच्या कामकाजाच्या दिवसावर जातो. ‘मुदत वाढवा किंवा पैसे द्या’ अशा मागणीवर बँक ३० दिवसांपर्यंत थांबू शकते. संपण्याची तारीख किंवा घटना लिहिलीच नसेल तर बीजी निघाल्यापासून तीन वर्षांनी संपते. सुट्टीबद्दल वर जे सांगितलं, ते अशा बीजीला तसंच लावू नका.

निविदेत किती मुदत मागावी?

केंद्राच्या सर्वसाधारण वित्तीय नियम, २०१७ प्रमाणे निविदेची बयाणा हमी निविदेच्या वैधतेपुढे ४५ दिवस, आणि कामाची सुरक्षा हमी वॉरंटीसह सगळ्या जबाबदाऱ्या पुऱ्या झाल्यावर ६० दिवस वैध असायला हवी. स्वतःची संस्था असेल तर मी दोषदायित्व कालावधीपुढे किमान तीन महिन्यांचा क्लेम पिरियड मागायला सांगतो. पावसाळ्यात दिसणारा दोष उन्हाळ्यात संपणाऱ्या बीजीत पकडता येत नाही; दोषदायित्वाची तारीख ठरवताना निदान एक पूर्ण पावसाळा आत येईल असं बघा.

मुदत संपली, पण सरकारी खातं मूळ बीजी परत देत नाही. बँक एफडी सोडत नाही. काय करायचं?

मूळ कागद लाभार्थ्याच्या कपाटात राहिला म्हणून संपलेली जबाबदारी जिवंत होत नाही. बीजीतच बहुधा तसं वाक्य असतं, ते शाखेला दाखवा. पद्धत अशी, की क्लेमची तारीख गेल्यावर बँक लाभार्थ्याला रजिस्टर पत्र पाठवते : आमच्याकडे मागणी आलेली नाही, मूळ कागद परत करा, नाहीतर आम्ही आमच्या वहीत गॅरंटी बंद करू. ठरलेले दिवस थांबून मग नोंद उलटवते.

हे पत्र बँक आपणहून पाठवेल म्हणून थांबू नका. तारीख गेल्याच्या दुसऱ्याच दिवशी लेखी अर्ज द्या. बीजीची झेरॉक्स, काम पुरं झाल्याचा दाखला असेल तर तो, आणि एफडीच्या पावतीचा क्रमांक जोडा. बीजीत अपवाद ३ चं वर्षभराचं कलम असेल तर बँक ते वर्ष संपेपर्यंत मार्जिन रोखून ठेवू शकते. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोचपावती घ्या, तारखेसकट.